विल्यम कॉनली: सराईवाल्याचा मुलगा, वकील आणि आयर्लंडमधला सर्वांत श्रीमंत माणूस. हे जमले कसे?

लिफीकाठी:

नमस्कार मंडळी. गेली तीन वर्षे मी डब्लिनच्या पश्चिमेला, लिफी नदीच्या काठावरच्या सेलब्रिज या गावात राहतो. गावाचा मुख्य रस्ता जिथे संपतो तिथे एक फाटक आहे. त्यातून आत गेले की दुतर्फा उंच जुनी झाडे असलेली सरळ वाट लागते आणि तिच्या टोकाशी करड्या दगडाचा एक अवाढव्य वाडा उभा राहतो. त्याचे नाव कॅसलटाउन हाउस. आम्ही रविवारी मुलांना घेऊन तिथल्या कुरणात फिरायला जातो, पण वाडा आतून पाहण्याचा योग मागच्या महिन्यात आला.

माहिती सांगणाऱ्या बाईंनी सुरुवातीलाच सांगितले की, हा वाडा १७२२ मध्ये विल्यम कॉनली या वकिलाने बांधायला घेतला, त्याचा बाप डोनेगॉलमधल्या बॅलिशॅनन गावात सराई चालवत असे आणि मुलगा मरताना आयर्लंडमधला सर्वांत श्रीमंत माणूस होता. बाई पुढच्या दालनाकडे वळल्या, मी मात्र त्या वाक्यातच अडकून राहिलो. वकिली करून माणूस सुखवस्तू होतो हे आपण पाहतो. पण उमरावाचे घराणे नाही, वडिलार्जित जमीन नाही, मोठा व्यापार नाही, आणि तरीही एका पिढीत असा वाडा उभा राहतो, याचा हिशेब मला लागत नाही. कागदोपत्री हा माणूस शेवटपर्यंत नुसता 'मिस्टर कॉनली'च होता, हेही विशेष वाटले.

माझे प्रश्न असे आहेत. त्याची संपत्ती मुख्यतः युद्धात हरलेल्या कॅथलिक जमीनदारांच्या जप्त जमिनींतून आली, असे इथे सर्रास बोलले जाते; ते कितपत खरे आहे? त्या काळच्या वकिलाच्या हाती नेमके असे काय होते, की त्यावर जमिनी जमा करता याव्यात? आणि त्याला मूलबाळ नव्हते असे कळले, तर मग हा सगळा पसारा पुढे गेला कोणाकडे? इथे कायद्याची आणि इतिहासाची जाण असलेली मंडळी आहेत, म्हणून विचारतो.

निवृत्त वकील:

दिवाणी न्यायालयात जमिनीचे दावे चालवण्यात उभा जन्म गेल्यामुळे तुमचा हा कॉनली मला परका वाटत नाही. थोडे सविस्तर लिहितो.

आधी 'वकील' या शब्दाची फोड करायला हवी. त्या काळी आयर्लंडमध्ये बॅरिस्टर आणि ॲटर्नी असे दोन वेगळे वर्ग होते. बॅरिस्टर व्हायचे तर १५४२ च्या एका कायद्यानुसार लंडनच्या 'इन्स ऑफ कोर्ट'मध्ये, म्हणजे बॅरिस्टर घडवणाऱ्या संस्थांत, काही काळ काढावा लागे, म्हणजे घरी पैसा असल्याखेरीज तो मार्ग खुला नव्हता. ॲटर्नी मात्र डब्लिनमध्येच एखाद्या जुन्या ॲटर्नीच्या हाताखाली राहून तयार होई. दस्त लिहिणे, दावे दाखल करणे, नकला काढणे, पक्षकारांचे पैसे सांभाळणे ही त्याची कामे, आणि समाजातला त्याचा मानही त्याच मापाचा. १६६२ मध्ये जन्मलेला कॉनली १६८५ च्या सुमारास असा ॲटर्नी झाला. न्यायालये तेव्हा डब्लिनच्या ख्राइस्ट चर्च कॅथेड्रलला लागून भरत असत. तिथल्या गर्दीत डोनेगॉलहून आलेल्या या पोराकडे कोणी वळून पाहिले असेल, असे मला वाटत नाही.

आता जमिनीकडे या. आयर्लंडमध्ये सतराव्या शतकात एकाच शेतावर किती जणांचा दावा असू शकत होता, हे पाहिले की बाकीचे आपोआप उलगडते. १६४१ च्या उठावानंतर क्रॉमवेलच्या राजवटीने कॅथलिकांच्या जमिनी काढून घेऊन त्या सैनिकांना आणि युद्धासाठी पैसे पुरवणाऱ्यांना वाटल्या. राजेशाही परत आल्यावर १६६२ आणि १६६५ च्या कायद्यांनी त्यातल्या काही जुन्या मालकांना परत दिल्या आणि काही दिल्या नाहीत. पुढे १६८९ ते १६९१ या काळात कॅथलिक राजा जेम्स दुसरा आणि त्याची गादी घेणारा प्रॉटेस्टंट विल्यम तिसरा यांच्यात युद्ध होऊन जेम्सच्या बाजूच्या जमीनदारांच्या जमिनी पुन्हा जप्त झाल्या. विल्यमने त्या आपल्या मर्जीतल्या सरदारांना बहाल केल्या. आणि १७०० मध्ये इंग्लंडच्या संसदेने ती सगळी दानपत्रे रद्द ठरवून जमिनी विश्वस्तांच्या ताब्यात दिल्या, त्या विकून युद्धाचे कर्ज फेडण्यासाठी. या विश्वस्तांपुढे तीन हजारांहून अधिक दावे दाखल झाले. कोणाचे गहाण होते, कोणाच्या बायकोचा पोटगीचा हक्क होता, कोणाचा जुना भाडेपट्टा होता. ज्याने आयुष्यात एकदा तरी तीन पिढ्यांचे फेरफार समोर पसरून मालकी शोधली आहे, त्याला सांगायला नको की अशा वेळी जमिनीपेक्षा जमिनीचे कागद वाचता येणारा माणूस महाग असतो.

कॉनली हाच माणूस होता. विश्वस्तांची विक्री १७०२-०३ मध्ये डब्लिनच्या चिचेस्टर हाउसमध्ये झाली. शिल्लक राहिलेल्या जमिनीचा फार मोठा हिस्सा दोन लाख पौंडांहून अधिक किमतीला लंडनच्या एका कंपनीने उचलला. ती मुळात तलवारीची पाती बनवण्यासाठी स्थापन झालेली कंपनी होती, आणि तिचे नावही 'हॉलो स्वोर्ड ब्लेड्स' असेच होते. एकेकट्याने खरेदी करणाऱ्यांत कॉनलीचे नाव वरच्या फळीत होते. दिसायला तोच तुकडा, पण ज्याला त्यावरचा बोजा कळत नाही तो घाबरून कमी बोली लावतो आणि ज्याला तो कळतो तो नेमकी बोली लावतो. कॉनलीचा नफा बहुतेक या फरकातच होता, असे माझे मत आहे.

मात्र सुरुवातीच्या भांडवलाशिवाय कागदाचे ज्ञान कोरडेच राहते. ते भांडवल लग्नातून आले. १६९४ मध्ये त्याने डोनेगॉलच्याच सर ॲल्बर्ट कॉनिंगहॅम या सेनानीच्या कॅथरीन नावाच्या मुलीशी लग्न केले. सर ॲल्बर्ट १६९१ मध्ये युद्धात मारला गेला होता. कॅथरीनबरोबर २,३०० पौंडांचा हुंडा आला, आणि त्याहून मोलाची गोष्ट म्हणजे उत्तरेकडच्या प्रतिष्ठित प्रॉटेस्टंट घराण्यांत ऊठबस आली. सराईवाल्याच्या मुलाला एरवी ती दारे उघडली नसती. तोपर्यंत, म्हणजे १६९२ पासून, तो डोनेगॉल गावाचा संसद सदस्यही झाला होता. पुढे डेरी आणि कोलरेन बंदरांची जकातवसुली त्याच्याकडे आली आणि १७०९ मध्ये तो साऱ्या देशाच्या महसूल मंडळावर आयुक्त म्हणून गेला. रोख पैसा हाताखालून जाणाऱ्या जागा त्याने एकामागून एक मिळवल्या.

तुमच्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर म्हणून हे लक्षात घ्या की, त्याच्या सर्वांत मोठ्या खरेदी जप्त जमिनींच्या नव्हत्याच. १७१८ मध्ये त्याने ५२,००० पौंडांना बॅलिशॅनन घेतले, म्हणजे ज्या गावात बापाची सराई होती ते गावच विकत घेतले. १७२३ मध्ये डब्लिनजवळचे रॅथफार्नम ६२,००० पौंडांना घेतले. हे दोन्ही व्यवहार प्रॉटेस्टंट मालकांशी झालेले साधे खरेदी-विक्रीचे व्यवहार होते. बॅलिशॅननची किंमत भाड्याच्या उत्पन्नावर बेतलेली नव्हती, हेही नमूद करायला हवे. आयर्लंडच्या कनिष्ठ सभागृहात ३०० जागा होत्या आणि बॅलिशॅननसारखे चिमुकले गावही त्यात दोन सदस्य पाठवत असे. गाव ज्याचे, ते दोन सदस्य त्याचे. लिमावडीच्या जागाही अशाच त्याच्या मुठीत होत्या.

बखरवाला:

वकीलसाहेबांची मांडणी आवडली, पण तिच्यात एक बाजू निसटते आहे असे वाटते, म्हणून लिहितो.

कॉनलीच्या खरेदीखतांवर बोट ठेवता येणार नाही हे मान्य. तरी जमीन विकत घ्यायला समोर कोण उभे राहू शकत होते, हे पाहिल्याशिवाय 'साधा व्यवहार' हा शब्द वापरता येत नाही. १७०४ च्या कायद्याने कॅथलिकांना जमीन विकत घेण्यास बंदी केली, ३१ वर्षांपेक्षा जास्त मुदतीचा भाडेपट्टा घेण्यास मनाई केली, आणि कॅथलिक जमीनदार मेला की त्याची जमीन सर्व मुलांत तुकडे होऊन वाटली जाईल, मात्र थोरला मुलगा प्रॉटेस्टंट झाला तर सगळी त्यालाच मिळेल, अशी तरतूद केली. १७०९ च्या कायद्याने तर असा नियम झाला की, एखाद्या कॅथलिकाने आडमार्गाने जमीन घेतली असल्याचे जो प्रॉटेस्टंट न्यायालयात उघड करील, ती जमीन त्यालाच मिळावी. बहुसंख्य प्रजा अशी बाजाराबाहेर ठेवली की उरलेल्या मूठभर खरेदीदारांना भाव आपल्या सोयीचा मिळतो. कॅथलिकांना सॉलिसिटरचे काम करण्यास मनाई करणारा कायदाही १६९८ मध्येच झाला होता, म्हणजे धंद्यातली स्पर्धाही कमी झाली. हे कायदे ज्या संसदेत झाले तिचा कॉनली सदस्य होता.

आणि यातली खरी गंमत, गंमत म्हणावी की नाही हे मला ठरवता येत नाही, ती अशी की कॉनली हे नाव इंग्रज वसाहतवाल्यांचे नव्हे. ते अस्सल गेलिक नाव आहे. त्याचे घराणे मूळचे कॅथलिक होते आणि तो लहान असतानाच घरातला धर्म बदललेला होता. तो बदल झाला नसता तर त्याच बुद्धीचा, त्याच गावातला हा मुलगा फार तर सराई चालवत राहिला असता. त्याचे विरोधक ही कुळकथा त्याला शेवटपर्यंत ऐकवत राहिले.

विरोधकांत मुख्य होता ॲलन ब्रॉड्रिक. कॉर्कचा जमीनदार, ऑक्सफर्ड आणि मिडल टेंपल या लंडनच्या 'इन'मध्ये शिकलेला रीतसर बॅरिस्टर, पुढे लॉर्ड चॅन्सलर, म्हणजे आयर्लंडचा सर्वोच्च न्यायाधिकारी. दोघे एकाच व्हिग पक्षाचे, दोघे जमीनदार वकील, पण एक वरच्या जिन्याने आलेला आणि दुसरा मागच्या दाराने. १७१४ मध्ये राणी ॲन वारली, व्हिगांच्या विरोधातल्या टोरी पक्षाची सद्दी संपली, आणि १७१५ च्या नोव्हेंबरात कॉनली कनिष्ठ सभागृहाचा सभापती झाला. तेव्हापासून १७२९ पर्यंत सरकारी विधेयके सभागृहातून पार पाडून देण्याचे काम जवळजवळ त्याच्याकडेच होते, आणि त्याबदल्यात कोणाला कुठली नोकरी द्यायची यात त्याचा शब्द चाले. व्हाइसरॉय बहुतेक काळ इंग्लंडमध्ये असत. त्यांच्या गैरहजेरीत राज्यकारभार पाहणाऱ्या तिघा 'लॉर्ड जस्टिस'मध्ये कॉनलीची नेमणूक १७१६ नंतर दहा वेळा झाली.

त्याच्या बाजूने एक गोष्ट सांगतो. १७२२ मध्ये लंडन सरकारने विल्यम वुड नावाच्या इंग्रज कारखानदाराला आयर्लंडसाठी तांब्याची नाणी पाडण्याचा मक्ता दिला, तेव्हा देशभर जो संताप उसळला, त्यात लेखक जोनाथन स्विफ्टची त्या नाण्यांविरुद्धची पत्रे प्रसिद्ध आहेत. कॉनली तेव्हा सरकारचा माणूस होता, तरीही ही नाणी लोकांच्या गळी उतरवण्याचे काम त्याने अंगावर घेतले नाही. तो बंडखोर नव्हता. हे चालणार नाही एवढे त्याला कळत होते. १७२५ मध्ये मक्ता मागे घ्यावा लागला. त्याच वर्षी ब्रॉड्रिकने चॅन्सलरपद सोडले, कॉनली मात्र खुर्चीवर होता.

मरताना त्याचे वार्षिक उत्पन्न १७,००० पौंडांच्या आसपास होते. जिच्याबरोबर आलेला २,३०० पौंडांचा हुंडा १६९४ मध्ये मोठा वाटला होता, तिच्या घरात ही रक्कम दरसाल येऊ लागली होती. वाढ किती, ते यावरून मोजा.

रानजाई:

दोघांच्याही लेखनात कॅथरीन हुंड्यापुरतीच आली, म्हणून मला लिहावेसे वाटले. मी डब्लिनमध्ये राहते आणि माझे कॅसलटाउनला अनेकदा जाणे झाले आहे.

कॉनली ३० ऑक्टोबर १७२९ रोजी डब्लिनच्या केपल स्ट्रीटवरच्या घरात वारला. त्याच महिन्यात प्रकृतीमुळे त्याने सभापतिपद सोडले होते. त्याच्या कारकिर्दीत, त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत, संसदेच्या नव्या इमारतीची पायाभरणी झाली होती, आणि ती झाली होती कुठे, तर वकीलसाहेबांनी सांगितलेले ते चिचेस्टर हाउस पाडून मोकळ्या केलेल्या जागेवर. जिथे त्याने जप्त जमिनी घेतल्या तिथेच त्याचे सभागृह उभे राहायचे होते, पण ते पाहायला तो राहिला नाही. त्याच्या अंत्ययात्रेत लोकांनी आयरिश लिननचे पांढरे पट्टे खांद्यावरून घेतले होते, देशी कापडाला मागणी यावी म्हणून. आणि मोठ्या घरांतल्या अंत्ययात्रांत लिनन घेण्याची प्रथा तिथून रूढ झाली असे सांगतात. स्वतःचे मरणही बाजाराच्या कामी लावण्याची ही युक्ती कोणाला सुचली हे ठाऊक नाही, पण मला ती त्या घराला शोभणारी वाटते.

त्यानंतर कॅथरीन तब्बल तेवीस वर्षे जगली, १७५२ पर्यंत, आणि कॅसलटाउन तिच्याच ताब्यात होते. वारस म्हणून नेमलेला पुतण्या, त्याचेही नाव विल्यम कॉनलीच, जवळच्या लेक्सलिपच्या किल्ल्यात राहून वाट पाहत बसला. ती वारली आणि दोनच वर्षांनी, १७५४ मध्ये, तोही वारला. आयुष्यभर ज्या वाड्याकडे पाहिले, तो त्याला फक्त दोन वर्षे लाभला.

कॅथरीनच्या राज्यात वाड्यात पाहुण्यांचा राबता असे. पण तिची खरी ओळख वाड्याच्या मागे दोन-तीन किलोमीटरवर उभी आहे. १७३९ च्या डिसेंबरअखेर असे हिमदव पडले की नद्या गोठल्या, साठवलेले बटाटे जमिनीतच नासले आणि पुढच्या दीड वर्षात आयर्लंडमध्ये लाखो माणसे मेली. गेलिकमध्ये त्या काळाला 'संहाराचे वर्ष' म्हणतात. कॅथरीनने १७४० मध्ये लोकांच्या हाताला काम मिळावे म्हणून एक भलीमोठी कमान उभारायला घेतली. आपल्याकडच्या शब्दांत सांगायचे तर हे दुष्काळी काम होते, फक्त त्यातून रस्ता किंवा तलाव न होता एकावर एक कमानी आणि वर उंच सुळका असलेली, जवळजवळ बेचाळीस मीटर उंचीची इमारत झाली. तिला 'कॉनलीज फॉली' म्हणतात; फॉली म्हणजे केवळ शोभेसाठी उभारलेली, निरुपयोगी इमारत. खाली उभे राहून वर पाहिले की दगडी अननस आणि गरुड दिसतात. वाड्याच्या मागच्या खिडक्यांतून ती बरोबर नजरेच्या रेषेत यावी अशी योजना होती. कॅथरीनची बहीण मेरी जोन्स हिने एका पत्रात लिहिले आहे की, याला तीन-चारशे पौंड तरी लागतील, कदाचित जास्तच, आणि एवढे सगळे करून ही अशी राहते तरी कशी याचे आश्चर्य वाटते. तीन वर्षांनी, १७४३ मध्ये, लेक्सलिपजवळ तिने शंकूच्या आकाराचे, बाहेरून चक्री जिना असलेले धान्याचे कोठार बांधून घेतले. तेही आजवर उभे आहे.

वकीलसाहेबांसाठी एक तपशील राखून ठेवला होता. ज्या जागेवर ही फॉली उभी आहे ती जागा कॉनलींची नव्हती. ती शेजारच्या कार्टन इस्टेटीची, म्हणजे किल्डेअरच्या अर्लची होती.

निवृत्त वकील:

रानजाईताई, हे वाचून मी मोठ्याने हसलो. जन्मभर इतरांच्या मालकीतल्या उणिवा हेरणाऱ्या माणसाच्या पत्नीने शेजाऱ्याच्या हद्दीत बेचाळीस मीटरचे बांधकाम करावे, आणि आयर्लंडमध्ये दस्तनोंदणीचे कार्यालय १७०८ पासून सुरू असताना करावे. माझ्याकडे असा पक्षकार आला असता तर मी आधी चहा मागवला असता.

लिफीकाठी:

सर्वांचे मनापासून आभार. फॉली मी गाडीतून जाताना कितीदा पाहिली होती, पण तिच्याखाली थांबून वर पाहण्याचे सुचले नव्हते; काल संध्याकाळी मुद्दाम गेलो. अननस दिसले.

अजून दोन शंका आहेत. डब्लिनच्या दक्षिणेला डोंगरावर 'हेलफायर क्लब' नावाचा एक पडका दगडी बंगला आहे. तो कॉनलीचा होता आणि तो तिथे सैतानाची पूजा करत असे, असे ऑफिसातला एक सहकारी छातीठोकपणे सांगतो. यात काही तथ्य आहे का? आणि पुतण्यानंतर घराण्याचे काय झाले?

बखरवाला:

बंगला कॉनलीचा, सैतान नंतरचा. मॉन्टपेलियर टेकडीवरचा तो बंगला कॉनलीने १७२५ च्या सुमारास शिकारीच्या वेळी उतरण्यासाठी बांधला. टेकडीच्या माथ्यावर प्राचीन थडगे होते, त्याचे दगड बांधकामात वापरले गेले. मग एका वादळात छप्पर उडाले आणि थडगे मोडल्याचा हा कोप आहे अशी वदंता उठली. कॉनलीने ते छप्पर दगडी कमानीचे करून पुन्हा बसवले. डब्लिनचा हेलफायर क्लब, म्हणजे उधळ्या उमरावांची बदनाम मंडळी, मात्र १७३५ च्या आसपासचा, म्हणजे तोवर कॉनलीला जाऊन पाच-सहा वर्षे झाली होती. २०१६ मध्ये तिथे उत्खनन झाले आणि खरोखरच हजारो वर्षांपूर्वीच्या दफनवास्तूचे अवशेष सापडले, तेव्हा थडग्याची गोष्ट तेवढी पक्की आहे.

गंमत अशी की ही टेकडी कॉनलीकडे आली ती रॅथफार्नमच्या इस्टेटीबरोबर, आणि रॅथफार्नम त्याला विकले ड्यूक ऑफ व्हॉर्टन याने, जो लंडनमधल्या पहिल्या हेलफायर क्लबचा संस्थापक होता. हा ड्यूक म्हणजे ज्या व्हाइसरॉय व्हॉर्टनच्या काळात, १७०९ मध्ये, कॉनलीला महसूल आयुक्ताची जागा मिळाली, त्याचा मुलगा. बापाने जागा दिली, पोराने बापाची इस्टेट फुंकली, आणि ती ज्याला जागा दिली त्याच्याकडे गेली. तुमच्या सहकाऱ्याला सैतानाऐवजी ही गोष्ट सांगा.

आता घराणे. पुतण्या विल्यम याने १७३३ मध्ये अर्ल ऑफ स्ट्रॅफर्डच्या मुलीशी, लेडी ॲन वेंटवर्थशी, लग्न केले होते. त्यांचा मुलगा टॉम १७३८ चा. त्याने वयाच्या विसाव्या वर्षी पंधरा वर्षांच्या लेडी लुइझा लेनक्सशी लग्न केले. आज वाडा आतून जसा दिसतो त्याचे श्रेय बहुतांशी लुइझाला जाते. थोरल्या कॉनलीच्या मृत्यूच्या वेळी वाड्याचे आतले बरेच काम अपुरे होते, मुख्य जिनासुद्धा १७५९ मध्ये बसला. भिंतींवर छापील चित्रे चिकटवून तिने सजवलेली खोली तुम्ही पाहिली असेलच. टॉमला घोडे आवडत, कर्जही आवडत असावे. १८०० मध्ये त्याने आयर्लंडची संसद ब्रिटनच्या संसदेत विलीन करण्याच्या बाजूने मत दिले, म्हणजे ज्या सभागृहावर आजोबांच्या भावाने राज्य केले ते बंद करायला नातवाने हात वर केला. १८०३ मध्ये तो वारला. त्यालाही मूल नव्हते.

टॉमच्या बहिणींची लग्ने मात्र दूरवर पोहोचली. फॅनीने विल्यम हाऊशी लग्न केले, जो पुढे अमेरिकी स्वातंत्र्ययुद्धात ब्रिटिश फौजांचा सरसेनापती झाला. दुसरी बहीण हॅरिएट स्टेपल्स. तिच्या मुलीने थॉमस पॅकनम या आरमारी अधिकाऱ्याशी लग्न केले, आणि १८२१ मध्ये लुइझा वारल्यावर कॅसलटाउन मिळाले ते त्यांच्या मुलाला, एडवर्ड मायकेल पॅकनमला. त्यासाठी त्याने आडनाव बदलून कॉनली लावले. नंतरच्या काळातल्या कॉनलींत थोरल्या विल्यमच्या वडिलांचे रक्त होते, पण ते भावाच्या बाजूने, आणि पुढे मुलींच्या मुलींमार्फत आलेले.

इथे आपल्याकडचे दोन धागे जुळतात. थॉमस पॅकनमची पुतणी किटी हिचे १८०६ मध्ये डब्लिनला लग्न झाले ते आर्थर वेलस्लीशी, जो तीन वर्षांपूर्वी असईच्या रणांगणावर शिंदे-भोसल्यांच्या फौजांशी लढून गेला होता. दुसरा धागा तर तुमच्या गावातलाच आहे. लुइझाची बहीण सारा हिचे कुटुंब सेलब्रिजमध्ये राहत असे, आणि तिचा मुलगा चार्ल्स नेपियर तिथेच लहानाचा मोठा झाला. म्हातारपणी तो मुंबई इलाख्याच्या फौजेत पुण्याला नेमणुकीवर आला, तिथून सिंधकडे गेला, १८४३ मध्ये त्याने सिंध जिंकले आणि १८४७ मध्ये ते मुंबई इलाख्याला जोडले गेले.

रानजाई:

लिफीकाठी, पुन्हा गेलात तर एक गोष्ट नक्की पाहा. कॅथरीनने नवऱ्याचे स्मारक टॉमस कार्टर या लंडनच्या शिल्पकाराकडून करून घेतले होते. कॉनली संगमरवरात कोपरावर रेलून, जरा कुशीवर पडलेला आहे, आणि ती त्याच्या शेजारी, त्याच्याकडे पाहत. त्याच्या शेवटच्या इच्छेनुसार सेलब्रिजमध्ये गरीब मुलांसाठी शाळा निघाली, तिची इमारतही कॅथरीनच्याच देखरेखीत उभी राहिली. तुमच्या घरापासून ती चालत जाण्याच्या अंतरावर असणार.

लिफीकाठी:

आहे. तिच्यासमोरून मी रोज मुलीला तिच्या शाळेत सोडायला जातो. आज दुपारी फाटकाशी थांबून दर्शनी भाग नीट पाहतो आणि फोटो इथे टाकतो.